सात फुटांवरची मैनाबाई

कुणाच्याही घरी गेले की मी आधी अंतर मोजते. डोळ्यांनीच. दारापासून देव्हारा अकरा फूट. चहा घेऊन येणारी सून माझ्यापासून आठ फूट, आता सहा, आता चार. चारवर ती कप धरून उभी राहते आणि माझं लक्ष तिच्या नाकाकडे की कानाकडे, हेच मला ठरवता येत नाही. "ताई, घ्या नं, हात भाजून राह्यला." मग मी भानावर येते. एका जागी अर्धा तास बसणं मला जमत नाही. खिडकीतल्या उन्हाची पट्टी फरशीवर सरकली की माझे पाय वळवळतात, जणू कुणी हाक मारून राहिलं आहे आणि मीच उशीर करते आहे.

हा रोग धंद्याचा आहे. मी फोकसपुलर होते. अजूनही आहे, कुणी बोलावलं तर.

नातेवाईक विचारतात, "म्हणजे तू कॅमेरा चालवते?" नाही. "मग बत्त्या लावते?" तेही नाही. तर ऐका. सिनेमाचा कॅमेरा चालवणारा माणूस भिंगातून बघतो आणि चौकट सांभाळतो. त्याच्या बाजूला आणखी एक माणूस चिकटून उभा असतो. त्याने भिंगावरची कडी फिरवायची. समोरचा माणूस जवळ आला की कडी इकडे, लांब गेला की तिकडे, म्हणजे चेहरा धूसर होत नाही. भिंगातून बघायची सोय त्याला नसते. आधी टेपने अंतर मोजायचं, कडीवर खूण करायची आणि नंतर अंदाजाने हात चालवायचा. उजेड भरपूर असला तर थोडं इकडेतिकडे चालतं. पहाटे, जंगलात, उजेड कमी म्हणून भिंग पूर्ण उघडलेलं असतं, तेव्हा स्पष्ट दिसणारा पट्टा वीतभर उरतो. माणसाने मान मागे घेतली तरी गेलं. काम चांगलं केलं तर कुणाच्या लक्षात येत नाही. एकदा चुकलं तर सगळं थिएटर डोळे चोळतं.

मी भद्रावतीची. बाबा गवंडी. खाणीच्या कॉलनीतल्या कितीतरी क्वार्टरांच्या भिंती त्यांच्या हातच्या. घरात पदवी घेणारी मी पहिली, बी. एस्सी., भौतिकशास्त्र. बाबा टेप लावून भिंत मोजायचे आणि दुसरं टोक मी धरायची, म्हणून फुटा-इंचांचा हिशेब मला अक्षरओळखीच्या आधीपासून येतो. पुढे कॉलेजात भिंगांचा धडा आला तेव्हा वाटलं, हे तर घरचंच काम आहे. पण नोकरी काही लागली नाही. मेव्हण्याचा फोटो स्टुडिओ होता, तिथे बसू लागले. हळदीला, नवरीच्या खोलीत बाई कॅमेरावाली हवी, अशी मागणी असायची, म्हणून मी निघाले. बाबा म्हणाले, "एवढं शिकून लोकायच्या लग्नात फिरून राह्यली?" मी म्हटलं, "तुम्ही नाई का लोकायच्याच भिंती बांधल्या?"

घुग्घुसच्या एका लग्नात मुलीच्या काकांनी मला पूर्ण व्हिडिओत आंदणातला फ्रीज आणि कूलर घ्यायला लावला होता. सप्तपदी चालू आणि हे मागून, "बाई, कूलर आला का त्याच्यात? तिकून घ्या, तिकून." कोळशाच्या ट्रकांच्या धुळीने दर दहा मिनिटांनी काच काळी व्हायची. नवरदेवाचा पांढरा फेटा व्हिडिओच्या सुरुवातीला पांढरा आहे आणि शेवटी राखेच्या रंगाचा. नंतर काका स्टुडिओत भांडायला आले, की फेटा बदलला. मी त्यांना सलग दाखवला, फेटा तोच, फक्त तुमचं गाव त्यावर बसत गेलं. पैसे न बोलता देऊन गेले.

असं चाललेलं असताना एक दिवस निरोप आला की गडचिरोलीत कुरखेड्याकडे परदेशी माणसं माहितीपट काढत आहेत, त्यांना कॅमेऱ्यातलं कळणारी आणि गावच्या बायांशी बोलू शकणारी कुणीतरी हवी आहे. त्यांची गाडी वाटेत बंद पडली होती. म्हणून त्यांचा कॅमेरामन मला भेटायला चंद्रपूरहून एसटीने भद्रावतीला उतरला. पन्नाशी गाठलेला, काठीसारखा उंच, भुवयासुद्धा पांढऱ्या. कॅमेऱ्याची पेटी मांडीवर, कारण कंडक्टरने ती टपावर टाकू म्हटलं तर त्याने तिच्यावर दोन्ही हात ठेवले होते आणि कंडक्टर घाबरला होता. हा हेइक्की, फिनलंडचा.

त्याला मी पहिले दोन दिवस साहेब म्हटलं. त्याने अर्थ विचारला, मी सांगितला, तर म्हणाला, "मी कुणाचा साहेब नाही. माझा बाप जंगलात लाकडं मोजायचा." त्याचं इंग्रजी आणि माझं इंग्रजी, दोन्ही उसनी आणलेली. म्हणून आमचं जमलं. आमच्याकडे मोठ्या माणसालाही तो म्हणायची पद्धत आहे, तशी मीही इथे त्याला तो म्हणते.

त्याचं आयुष्य मला तुकड्या-तुकड्यांनी कळलं, कारण तो दिवसाला मोजून वीस वाक्यं बोलायचा. गाव इतकं उत्तरेला की हिवाळ्यात काही आठवडे सूर्य उगवतच नाही. बाप लाकूडतोड्यांच्या टोळीत मोजणीदार. हा शहरात पळाला, स्टुडिओत केबल उचलण्यापासून लागला, मग माझ्यासारखाच फोकस ओढणारा झाला, मग कॅमेरामन. चाळीस वर्षं. बर्फात काम करताना बॅटऱ्या कोटाच्या आत पोटाशी धरायच्या, नाहीतर मरतात, असं सांगायचा. इथे आम्ही फिल्मचे डबे ओल्या गोणपाटात गुंडाळून सावलीत ठेवायचो. तो ते बघून हसायचा. "तिकडे गोठू नये म्हणून, इकडे शिजू नये म्हणून."

पहिल्याच आठवड्यात त्याने माझ्या हातात टेप दिला आणि मी न मोजता सांगितलं, "ते झाड बावीस फूट." त्याने मोजलं. बावीस आणि चार बोटं. दुसऱ्या दिवसापासून मी त्याची फोकसपुलर. पुढे बारा-तेरा वर्षं तो या देशात कुठेही आला की मला फोन यायचा. एका माहितीपटाच्या शेवटी माझं नाव आलं तेव्हा बाबांनी पडद्याजवळ जाऊन ते बोटाने दाखवलं होतं. मी चुकत नाही, अशी माझी ख्याती झाली होती आणि ती मला आवडायची. खोटं कशाला सांगू?

एक गोष्ट लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे. हेइक्कीच्या भिंगांवर आकडे मीटरमध्ये होते, फूट नव्हतेच. माझ्या टेपला एका बाजूला फूट, दुसऱ्या बाजूला मीटर. मी मनात फुटात मोजायची आणि टेप उलटा करून मीटर वाचायची. हजारो वेळा केलं.

मी सांगायला बसले ती गोष्ट आमच्या शेवटच्या कामाची. काही वर्षांपूर्वीची. कुरखेड्याच्या पुढे जंगलातलं एक गाव, मोहफुलांचे दिवस. दिग्दर्शक नंदिनी, तरुण पण पक्की. तिला हा माहितीपट जुन्या पद्धतीने, खऱ्या फिल्मवर काढायचा होता. आता सगळे डिजिटलवर काढतात, त्यात चित्र लगेच पडद्यावर दिसतं आणि दहा जण चुका काढतात. आमच्या त्या जुन्या कॅमेऱ्याला तसा पडदा नव्हता. चित्र एकाच माणसाला दिसायचं, ज्याचा डोळा भिंगाला लागलेला आहे त्याला. म्हणून दर शॉटनंतर फोकसपुलर विचारते, "बरोबर आलं?" आणि कॅमेरामन सांगतो. तो हो म्हणाला की विषय संपला. फिल्म धुऊन येईपर्यंत तीन आठवडे त्याचा शब्द हाच पुरावा.

माहितीपट मैनाबाईवर होता. सत्तरीची गोंड बाई, चार मोहाची झाडं आणि धानाच्या शेताचा एक तुकडा. घरात ती, सून आणि एक खोडकर बकरी. तिला हेइक्कीबद्दल फार कुतूहल. तिसऱ्या दिवशी तिने मला विचारलं, "हा बुढा रुसला हाये का? बोलत काऊन नाई?"

"त्यायच्याकडे कमीच बोलते, बाई."

"बायको कशी राह्यते मंग याच्याजवळ?"

मी हेइक्कीला विचारलं. तो म्हणाला, "तीही बोलत नाही." मैनाबाई पोट धरून हसली. मग मी तिला सांगितलं की त्याच्या गावात उन्हाळ्यात सूर्य मावळतच नाही. तिने टोपली खाली ठेवली.

"मंग कोंबडा कधी आरवते?"

हेच हेइक्कीला कधी कुणी विचारलं नव्हतं. त्याने पूर्ण दिवस विचार केला आणि जेवताना सांगितलं, "आमच्याकडे कोंबडा नव्हता." मैनाबाई म्हणाली, "म्हनून असा झाला."

मोहाचं असं असतं की फुलं पहाटेपासून टपटप गळतात आणि बाया उजाडताच वेचायला जातात. त्याआधी झाडाखालचा पाचोळा जाळून जमीन साफ करतात. काळ्याभोर जमिनीवर ती फिकट पिवळी, रसाळ फुलं अशी उठून दिसतात की वेचायला सोपं जातं. वनखातं आगीला नावं ठेवतं, तो वाद वेगळा. पण काळ्या जमिनीवर पडलेल्या त्या फुलांवर आमच्याकडे कुणी पाय देत नाही. लहान लेकरूही देत नाही. सांगावं लागत नाही.

आणि मैनाबाईच्या घरची रीत अशी, की हंगामाची पहिली फुलं घरातल्या सगळ्यांत मोठ्या माणसाने पळसाच्या द्रोणात घेऊन, थोडे तांदूळ ठेवून, झाडालाच द्यायची. मग वेचायला सुरुवात. वर्षातून एकदा. ते टिपायला तिने आणि गावाने हो म्हटलं होतं. नंदिनीचा माहितीपट त्याच्यावर उभा राहायचा होता.

आदल्या दिवशी मैनाबाईला विचारलं, उद्या कधी? ती म्हणाली, "उजाडलं की." आम्ही उजाडायच्या आधी पोहोचलो. ती आमच्याही आधी येऊन द्रोण घेऊन निघालेली. नंदिनी म्हणाली, "वनिताताई, दोन मिनिटं थांबवा ना त्यांना." मी हाक मारली, "बाई, जरा थांब वो!"

"देव थांबते का तुया मशीनसाठी?" ती चालतच होती.

हेइक्कीने कॅमेरा खांद्यावर घेतला. मी धावले. ती जिथे बसणार तिथून भिंगापर्यंत टेप ताणला, आकडा वाचला, कडी सातवर आणली, मोकळी झाले. मैनाबाई बसली. द्रोण ठेवला. ओठ हलत होते. वरून एक फूल तिच्या पाठीवर पडलं आणि घरंगळलं. असा शॉट एखाद्याच्या नशिबात एकदा येतो. मला आतून कळत होतं. कॅमेरा थांबला. मी सवयीने कडीकडे बघितलं. सात. मग हातातल्या टेपकडे. फुटांची बाजू वर होती.

ती सात फुटांवर होती आणि मी भिंग सात मीटरवर लावलं होतं. गवंड्याच्या पोरीने घाईत फूट वाचले. एवढ्या कमी उजेडात ती नुसता धूर दिसली असणार.

पण हा असा गोंधळ भिंगातून बघणाऱ्याला पहिल्या क्षणाला दिसतो. तो ओरडतो, हात हलवतो. हेइक्की ओरडला नव्हता. मी विचारलं, "बरोबर आलं?"

"छान," तो म्हणाला. "पुढे."

मी त्या क्षणी समजले. त्याला दिसत नव्हतं.

मग मागचं सगळं आठवू लागलं. तीन आठवड्यांत त्याने मला एकदाही टोकलं नव्हतं आणि मी ते स्वतःच्या कौशल्याच्या खात्यावर टाकत होते. चहाचा कप तो आधी बोटांनी शोधायचा. तिवईवरच्या कॅमेऱ्याला तो डावा डोळा लावायचा. खांद्यावरच्या कॅमेऱ्याला मात्र उजवाच लागतो, त्याची बनावटच तशी.

तो दिवस मी कसा काढला ते सांगता येत नाही. खाली बसायची, उठायची. डबे पुसायची, पुसलेले परत पुसायची. ती फिल्म दुसऱ्या दिवशी दुपारी गाडीने नागपूरला आणि तिथून पुढे धुवायला जायची होती. आणि इथे माझ्या मनात जे आलं तेही सांगते, कारण ते आलं होतं. चित्र धूसर निघालं तर एरवी दोष फोकसपुलरचा. पण कॅमेरामनने "छान" म्हटलेलं सगळ्यांनी ऐकलं होतं. मी गप्प बसले, तर तीन आठवड्यांनी प्रश्न त्याला विचारला जाणार होता. त्याचा डोळा माझी चूक झाकणार होता. मला फक्त तोंड बंद ठेवायचं होतं, आणि ते मी दिवसभर ठेवलं. स्वतःला सांगत राहिले की मी त्याची अब्रू सांभाळते आहे.

दुसऱ्या दिवशी उजाडताना आम्ही परत झाडाखाली. आता वेचणी सुरू झाली होती. हेइक्की कॅमेरा घेऊन मैनाबाईकडे निघाला आणि सरळ फुलांवरून चालत गेला. बुटांखाली फुलं चिरडण्याचा ओला आवाज मी ऐकला. तीन आठवडे हा माणूस कोंबडीच्या पिल्लांतून चालावं तसा जपून चालत होता. मैनाबाईने एकदा त्याच्या बुटांकडे बघितलं. वेचत वेचत माझ्यापर्यंत आली.

"याले दिसत नाई."

मी वाकून एक फूल उचललं आणि तिच्या टोपलीत टाकलं.

"माया डोयाचं आपरेशन झालं तवा मीबी अशीच चालत होती. मोतीबिंदू हाये का?"

"मले माहीत नाई, बाई."

"तुले माहीत हाये." तिने माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही, फुलं उचलत होती. "तू कालपासून उंदरावानी फिरून राह्यली. तू काऊन चूप हायेस? तो तुया माणूस हाये नं?"

मी हेइक्कीला बाजूला, बांधावर नेलं. सरळ सांगितलं, मला वळणं घेऊन बोलता येत नाही. "काल मी सात फुटांऐवजी सात मीटर लावलं. पूजेचा शॉट गेला. चूक माझी. आणि तू छान म्हणालास."

तो बांधावर बसला, बोटांनी धानाचं कापलेलं धसकट चाचपलं. मग म्हणाला, "शॉटनंतर तू टेप लगेच गुंडाळतेस. तो आवाज मी ओळखतो. काल आला नाही. म्हणजे काहीतरी झालंय, हे मला कळलं."

"मग विचारलं काऊन नाही?" इंग्रजीतसुद्धा माझं काऊन निघालं.

"विचारलं असतं तर तू मला विचारलं असतंस." त्याने उजवा डोळा चोळला. "याच्यात मधोमध काही नाही. कडेचं दिसतं. डावाही त्याच वाटेवर आहे. ऑपरेशन होत नाही याचं. मला काल तिथे एक पांढरा डाग दिसत होता. मी डागाला छान म्हणालो."

मला राग आला. भयंकर. चाळीस वर्षांचं नाव असलेला माणूस डागाला छान म्हणतो! "तू खोटं बोललास," मी म्हटलं, "आणि मी पण. पण तिची ती पूजा होती, हेइक्की." तो म्हणाला, "हो." एवढंच. मग म्हणाला, "हे माझं शेवटचं काम. निर्मात्यांना कळलं असतं तर हेही मिळालं नसतं. मला हे जंगल अजून एकदा कॅमेऱ्यातून बघायचं होतं."

आम्ही दोघं नंदिनीकडे गेलो. आधी मी बोलले, मग तो. ती जमिनीवर बसली. तिने कुणाला शिव्या दिल्या नाहीत, दिल्या असत्या तर बरं झालं असतं. थोड्या वेळाने म्हणाली, "मैनाबाईंना विचारू का? परत एकदा करतील?"

मी विचारायला गेले. विचारताना माझीच मान वर होत नव्हती. मैनाबाईने ऐकून घेतलं.

"तू घरी पाव्हण्याले दोनदा जेवायले बसवते का? जेवला तो. गेला."

विषय संपला.

तो शॉट कुणीच पाहिला नाही असं नाही. फिल्म धुऊन आली तेव्हा मी आणि नंदिनीने पाहिला. मैनाबाई धुक्यासारखी आणि मागचं दुसरं झाड मात्र सालीच्या भेगांसकट लख्ख, सात मीटरवर. नंदिनीने तो माहितीपटात घेतला नाही. गावात शाळेच्या पडवीत चादर लावून दाखवला, तेव्हा मैनाबाई शेवटपर्यंत बसली आणि मग सगळ्यांसमोर मला म्हणाली, "देवाचं कुठी गेलं?" मी म्हटलं, "बाई, माया चुकीनं गेलं." ती म्हणाली, "मंग त्या दिवशी मले थांब, थांब काऊन म्हनत होती?" सगळं गाव हसलं. मीही हसले. पण अजून कधी दुपारी पडल्या पडल्या ते पाठीवर पडलेलं फूल दिसतं आणि मी उठून बसते.

हेइक्की आता गावी आहे. फोन करतो. हवा कशी, उजेड कसा, एवढं विचारतो आणि मग आम्ही दोघं गप्प राहतो. बिल वाढतं. माझा नवरा म्हणतो, "न बोलण्याचे पैसे भरून राह्यली तू."

पण मला तिथलं पुढचंही सांगायचं आहे. नंदिनीला खरं सांगितलं त्याच दिवशी संध्याकाळी तिने विचारलं, उरलेलं काम कोण करणार? हेइक्कीने कॅमेरा उचलला आणि माझ्या खांद्यावर ठेवला. मी म्हटलं, "मग फोकस कोण ओढणार?" तो म्हणाला, "मी तुझ्या आधी फोकसपुलर होतो."

रात्रीपर्यंत वाद घालायची माझी तयारी होती. पण त्याने तयारी सुरूही केली होती. भिंगाच्या कडीवर त्याने चिकटपट्टीचे जाड तुकडे लावले, एक जवळच्या अंतराला, एक मधल्या, एक लांबच्या. डोळे मिटून बोटांनी चाचपले. टेपवरचे मीटरचे आकडे काळ्या शाईने बोटभर मोठे केले आणि फुटांची पूर्ण बाजू पट्टी लावून झाकून टाकली. माझ्याकडे बघून नाही, पण माझ्यासाठीच.

सकाळी झाडाखाली मैनाबाई वेचत होती. मी डोळा लावला. आयुष्यात इतके शॉट दिले आणि त्या कॅमेऱ्यातून मी पहिल्यांदा बघत होते. हेइक्की माझ्या उजव्या बाजूला, इतका जवळ की त्याचा श्वास ऐकू येत होता. मैनाबाईने हात पुढे केला, फूल उचललं, टोपलीत टाकलं, मग मान वर करून झाडाकडे बघितलं आणि पुढे सरकली. त्याच्या बोटांनी कडी फिरली. कॅमेरा थांबला.

"बरोबर आलं?" हेइक्कीने विचारलं.

नंदिनी बघत होती. मैनाबाईसुद्धा थांबली होती. तिचा हात सुरेख आला होता. चेहरा मात्र क्षणभर मागे राहिला होता, फार नाही, डोळे चोळावे इतकाच. हो म्हटलं असतं तर तीन आठवडे कुणाला कळलं नसतं. त्या माणसाचा शेवटचा आठवडा सुखात गेला असता.

"नाही," मी म्हटलं. "मागे राहिलं. परत."

त्याचा चेहरा पडेल असं वाटलं होतं. त्याने फक्त मान डोलावली, जशी मी त्याच्यापुढे बारा वर्षं डोलावली होती.

"आता परत कायले?" मैनाबाई ओरडली. "उचललेली फुलं झाडावर जाते का वापस?" असं म्हणून तिने टोपली उचलली आणि बाजूच्या, अजून न वेचलेल्या जागेवर जाऊन बसली. "चला लवकर. ऊन चढून राह्यलं."

हेइक्की वाकला. मला वाटलं काहीतरी पडलं. त्याने बूट काढले, मोजे काढले, झाडाच्या बुंध्याशी नीट ठेवले. मग त्या काळ्या राखेच्या जमिनीवरून एक एक पाऊल, आधी अंगठ्याने चाचपून, फूल लागलं की पाय उचलून बाजूला, असा तो मैनाबाईपर्यंत गेला. तिच्या कपाळाजवळ टेपचं टोक धरलं. दुसरं टोक माझ्या भिंगाशी होतं. कोंबडा दाणा बघतो तशी मान वाकडी करून त्याने आकडा वाचला.

"किती?" मी विचारलं.

"दोन मीटर दहा."

सात फूट. मी डोळा लावला.